काळाचे सांधे आणि अल्लादियाखांचा स्वर

जुना चौसोपी वाडा उतरवावयाचा असला म्हणजे जाणता सुतार प्रथम कुऱ्हाडीला हात घालीत नाहीं. तो खांबाखांबांवरून दृष्टि फिरवितो, कोणता सांधा कोणत्या पाचरेनें आवळला आहे तें पाहतो, आणि नेमकी तीच पाचर हलक्या हातानें सैल करतो. तुळई खालीं येते, खांब मोकळे होतात, पण एकाहि लांकडाला इजा होत नाहीं. पाहिजे तर तोच वाडा दुसऱ्या जागीं पुन्हां उभा करतां येतो. मोडणें आणि सोडविणें यांतील अंतर तें हेंच.

लांकडाच्या घराविषयीं जें खरें, तें काळाच्या घराविषयींहि खरें असेल काय? काळ डोळ्यांना दिसत नाहीं, हाताला लागत नाहीं. मग त्याचें घर बांधावयाचें कसें आणि सोडवावयाचें कसें? या प्रश्नाचें उत्तर कोल्हापूरच्या एका गवयाच्या चरित्रांत सांपडतें. खांसाहेब अल्लादियाखां यांनीं जयपूर-अत्रौली या नांवानें ओळखली जाणारी जी गायकी घडविली, तिच्यांत काळाचें घर केवळ स्वराच्या साहाय्यानें सोडविण्याची आणि क्षणार्धांत पुन्हां उभें करण्याची विद्या आहे. आजच्या भाषणाचा विषय ती विद्या हाच होय.

श्रोतेहो, काळाचें हें घर म्हणजे ताल. त्रितालाचें उदाहरण घ्या. त्याच्या सोळा मात्रा, आणि चार-चार मात्रांचे चार खण. पहिली मात्रा ही सम; ती घराची देवडी. नवव्या मात्रेपाशीं खाली, म्हणजे तेथून डग्ग्याचा घुमारा कांहीं वेळ मिटतो आणि ‘तिं तिं ता’ असे कोरडे बोल ऐकूं येतात. चौथ्या खणांत घुमारा पुन्हां भरतो व सोळावी मात्रा संपतांच सम परत येते. या एका फेऱ्याला आवर्तन म्हणतात. शाळेंत तासातासाला घंटा व्हावी आणि मुलांना न पाहतांहि कळावें कीं आतां गणित संपलें व भूगोल लागला, तसा तबल्याचा ठेका गायकाला व श्रोत्याला सांगत असतो कीं आपण घराच्या कोणत्या खणांत आहोंत.

नवशिका गायक या घरांत भाडेकरूसारखा राहतो. भिंत आली कीं त्याचें वाक्य थांबतें, दार आलें कीं तो पाऊल उचलतो. गाणें तालांत बसतें खरें, परंतु तें तालानें बसविलेलें असतें. उलट कोणी ठेक्याकडे दुर्लक्ष करून मनास येईल तसा स्वर लांबविला तर त्याला बेताला म्हणतात. तो घर सोडवीत नाहीं, घराबाहेर पडतो. भिंती पाडावयाच्या नाहींत, बाहेरहि पडावयाचें नाहीं, आणि तरी भिंती नाहींतच असा अनुभव द्यावयाचा, ही तिसरी वाट कठीण आहे. अल्लादियाखां त्या वाटेला लागले त्यामागें एक मोठें दुःख होतें.

त्यांचा जन्म १८५५ सालीं राजपुतान्यांतील उणियारा येथें झाला. घराणें ध्रुपदियांचें. ध्रुपदांत तालाचा हिशोब उघड मांडलेला असतो. दुप्पट, तिप्पट, चौपट अशी लय वाढवीत गायक पखवाज्याशीं जणू समोरासमोर देवघेव करतो. हें गणित त्यांना लहानपणापासून चुलते जहांगीरखां यांच्या तालमींत मिळालें. कंठहि उत्तम होता. पुढें तारुण्यांत अमलेटा येथील संस्थानिकाच्या पदरीं असतां ऐकणाऱ्याच्या हौसेला अंत नाहीं आणि गाणाऱ्याला नकार देतां येत नाहीं, अशा स्थितींत त्यांना दिवसचे दिवस गावें लागलें व त्यांत त्यांचा आवाज बसला, असें त्यांच्या परंपरेंत सांगतात. दोनएक वर्षें गळा साथ देईना. पुढें आवाज परत आला, पण तो पूर्वींचा नव्हता. पूर्वींची गोलाई आणि मोकळेपणा त्यांत उरला नव्हता.

गवयाचा आवाज जाणें म्हणजे शेतकऱ्याची विहीर आटणें. गोड आवाजाला एक मोठी सोय असते. तो एका स्वरावर नुसता थांबला तरी ऐकणारा तृप्त होतो. ती सोय अल्लादियाखांना राहिली नाहीं. थांबून चालणार नव्हतें, म्हणून स्वराच्या चालीकडे त्यांनीं लक्ष वळविलें. एका स्वरावरून दुसऱ्या स्वरावर कसें जावें, कोणत्या वळणानें जावें आणि मात्रेच्या कोणत्या अंशावर जावें, याचा विचार त्यांनीं असा कांहीं केला कीं उणीवच नव्या रीतीचें बीज ठरली. ध्रुपदाचें गणित त्यांच्यापाशीं होतेंच. तें त्यांनीं ख्यालांत आणलें, परंतु आणतांना लपविलें. हिशोब करावयाचा आणि तो दिसूं द्यावयाचा नाहीं, हा या गायकीचा पहिला नियम.

१८९५ च्या सुमारास ते कोल्हापूर दरबारीं आले. छत्रपति शाहू महाराजांनीं १८९४ सालीं राज्यकारभार हातीं घेतला होता. त्यांच्या आश्रयाला मल्लहि होते आणि गवईहि होते. पुढें १९१२ सालीं खासबागेचें कुस्त्यांचें मैदान उभें राहिलें. एकाच नगरांत तालीम हा शब्द आखाड्यालाहि लागत होता आणि गाण्याच्या शिक्षणालाहि लागत होता. ‘पेच’ हा शब्दहि तसाच. कुस्तींत पेच म्हणजे प्रतिपक्ष्याच्या तोलाचा सांधा हेरून तो सोडविण्याची युक्ति. आणि खांसाहेबांच्या घराण्याच्या तानेला जाणकार पेचदार तान असेंच म्हणतात. कसलेला मल्ल ताकदीला ताकद भिडवीत नाहीं. प्रतिपक्ष्याचें वजन ज्या क्षणीं एका पायावर येतें, तो क्षण तो धरतो. हा क्षण ओळखणारे डोळे ज्या गांवांत घरोघर होते, तेथें सम ओळखणारे कान तयार होण्यास वेळ लागला नाहीं. १८८३ सालीं स्थापन झालेला देवल क्लब कोल्हापुरांत होता. तेथें गाणें ऐकून ऐकून शहाणे झालेले रसिक बसत. हार्मोनियमवादक आणि संगीतकार गोविंदराव टेंबे याच मातींतले. खांसाहेबांच्या गायकीविषयीं त्यांनीं प्रेमानें आणि अधिकारानें लिहिलें आहे.

आतां ही विद्या कशी चालते तें पायरीपायरीनें पाहूं.

पहिली पायरी लयीची. या गायकींत विलंबित ख्यालाची लय फार संथ नसते. ती मध्यलयीकडे झुकलेली असते. मात्रा मात्रेच्या इतकी जवळ असते कीं तिचा विसर पडावयास जागाच राहात नाहीं. कोल्हापुराहून सुमारें पन्नास किलोमीटरांवर मिरजेस अब्दुल करीमखां राहिले. त्यांच्या किराणा घराण्यानें स्वराच्या विश्रांतीला मान दिला आणि त्या परंपरेंत पुढें लय उत्तरोत्तर संथ होत गेली. भिंती दूर सारल्या म्हणजे अंगण आपोआप मोठें होतें. तोहि काळाला शिथिल करण्याचा एक मार्ग आहे आणि त्याची शोभा वेगळी. अल्लादियाखांनीं भिंती जवळच ठेवल्या आणि त्यांतूनच वाट काढली.

दुसरी पायरी मात्रेच्या आंत शिरण्याची. एका मात्रेचे चार अंश कल्पा. ठेक्याचा आघात पहिल्या अंशावर पडतो. उरलेले तीन अंश रिकामे असतात. सामान्य गायक बंदिशीचें अक्षर आघातावर ठेवतो. हा गायक तें दुसऱ्या किंवा तिसऱ्या अंशावर उचलतो, पुढच्या आघातावरून न थांबतां निघून जातो, खणाच्या भिंतीपाशीं श्वास घेण्याचें टाळतो आणि भिंतीपलीकडे अर्ध्या मात्रेवर जाऊन टेकतो. स्वराची आस मध्यें कोठेंच तुटत नाहीं. तबला आपले बोल बिनचूक वाजवीत असतो, परंतु कानाला खण दिसेनासे होतात. पाचर सैल होते ती येथें.

तिसरी पायरी तानेची, आणि येथें थोडें अंकगणित केल्यावांचून गत्यंतर नाहीं. एका मात्रेंत चार स्वर या मापानें तान घेतली तर सोळा मात्रांचे चौसष्ट स्वर होतात. बंदिशीचा मुखडा तेराव्या मात्रेवरून उठणारा असेल तर तानेला बारा मात्रा, म्हणजे अठ्ठेचाळीस स्वर मिळतात. चार-चार स्वरांचे गुच्छ केले तर प्रत्येक गुच्छ मात्रेबरोबर सुरू होतो, आणि तान पलटणीच्या कवायतीसारखी सरळ चालते. तेच स्वर आतां सात-सातांच्या गुच्छांनीं मांडा. पहिला गुच्छ समेवर सुरू झाला. दुसरा दुसऱ्या मात्रेच्या चौथ्या स्वरावर सुरू होईल, तिसरा चौथ्या मात्रेच्या तिसऱ्या स्वरावर, चौथा सहाव्या मात्रेच्या दुसऱ्या स्वरावर, आणि पांचवा पुन्हां आठव्या मात्रेच्या तोंडाशीं. प्रत्येक गुच्छाचा जोर थोडाथोडा मागें सरकत जातो. ऐकणाऱ्याला वाटतें कीं गायक कोठें तरी वाहवला. पण पाढा आठवा: सात सत्ते एकोणपन्नास. एकोणपन्नासावा स्वर म्हणजेच तेराव्या मात्रेचा पहिला स्वर, जेथून मुखडा उठावयाचा आहे तेंच ठिकाण! ज्याला वाट चुकली असें वाटलें, तो दाराशींच उभा असतो.

अर्थात् गाणारा असे आंकडे मोजीत बसत नाहीं, आणि खरी तान एकाच मापाच्या गुच्छांची कधींच नसते. सातांनंतर पांच, पांचांनंतर तीन, मध्येंच वळसा, मध्येंच उलट चाल, अशी ती गुंफलेली असते. त्यांतून खांसाहेबांना रागहि बहुधा आडवळणाचे, जोडलेले, सहसा न ऐकूं येणारे प्रिय होते. त्यांच्या घराण्यांत बसंती केदार, नट कामोद, संपूर्ण मालकंस अशीं नांवें वारंवार भेटतात. जोडरागांत दोन रागांचे सांधे जुळविलेले असतात. ते सांभाळावयाचे आणि त्याच वेळीं तालाचे सांधे सोडवावयाचे, असें हें दुहेरी काम आहे.

चौथी पायरी परतीची. अनेक गायकवादक समेवर येण्यापूर्वीं तिहाई घेतात, म्हणजे एकच तुकडा तीन वेळां म्हणून तिसऱ्या वेळीं सम गांठतात. श्रोत्याला आधींच सूचना मिळते, तो सरसावून बसतो आणि सम आली कीं दाद देतो. खांसाहेबांच्या गायकींत अशा दवंडीला फारसें स्थान नाहीं. तान आपल्या वळणानें चाललेली असते आणि तिच्याच शेवटच्या वळणांतून मुखडा उगवतो. समेवर पाऊल पडतें तेव्हां सुटलेले सारे खांब, साऱ्या तुळया आपापल्या खाचेंत एकदम बसतात. मैफलींत त्या क्षणीं ‘वाहवा’ उमटते ती घर परत मिळाल्याची असते.

या कामांत एका माणसाला सहसा श्रेय मिळत नाहीं, तो तबलजी. गायक सांधे सोडवीत असतां तबलजीनेंहि चातुर्य दाखविण्यास आरंभ केला, तर घर खरोखरच कोसळेल. म्हणून या घराण्याच्या गाण्याला साधा, भरीव, न डळमळणारा ठेका लागतो. एकानें स्थिर राहावें तेव्हां दुसऱ्याला स्वैर होतां येतें. गृहस्थाश्रमांत राहणाऱ्यांना ही गोष्ट अधिक फोड करून सांगण्याची आवश्यकता नाहीं.

खांसाहेबांच्या आयुष्यांत १९२२ साल कठीण आलें. एप्रिलांत त्यांचे शिष्य भास्करबुवा बखले वारले. अनेक गुरूंची विद्या एका कंठांत सांठविलेला आणि बालगंधर्वांसारखा शिष्य घडविणारा हा थोर गवई गेला. मे महिन्यांत शाहू महाराज निवर्तले. आश्रयदाता गेला तेव्हां खांसाहेबांचें वय सदुसष्टाच्या घरांत होतें. त्यानंतर त्यांनीं मुंबईस बिऱ्हाड केलें. दरबाराची जागा शहरांतील धनिकांनीं आणि शिष्यांनीं घेतली. परंतु दरबारीं जें सहज मिळत होतें, म्हणजे वेळ, तो मुंबईंत मोजून मिळूं लागला.

ही विद्या तर वेळेवांचून येणारी नव्हे. खांसाहेबांचें स्वतःचें गाणें ध्वनिमुद्रिकेंत उरलेलें नाहीं. कागदावर स्वर लिहितां येतात, मात्रांचे आंकडे लिहितां येतात. पण दुसऱ्या अंशावर उचललेलें अक्षर किती हलकें असावें, हें शिष्यानें गुरूसमोर बसून, तोच पलटा महिनोन् महिने घोंटूनच समजावें लागतें. केसरबाई केरकर १९२१ पासून त्यांच्याकडे शिकूं लागल्या आणि खांसाहेबांच्या अखेरीपर्यंत शिकत राहिल्या. मोगूबाई कुर्डीकरांना मध्यें शिक्षण खंडित होण्याचें दुःख सोसावें लागलें. खांसाहेबांचे बंधु हैदरखां यांच्याकडूनहि त्यांनीं विद्या घेतली आणि लयीवरील प्रभुत्वासाठीं त्या पुढें विख्यात झाल्या. पुत्र मंजीखां १९३७ सालीं पित्याच्या डोळ्यांदेखत गेले. स्वतः खांसाहेब १९४६ सालीं मुंबईस निवर्तले. धाकटे पुत्र भूर्जीखां यांनीं कोल्हापुरांत राहून १९५० पर्यंत विद्यादान केलें. मंजीखां गेल्यावर त्यांचे शिष्य मल्लिकार्जुन मन्सूर भूर्जीखांकडेच आले, आणि कोल्हापूरच्या धोंडूताई कुलकर्णी यांनाहि त्यांनीं तालीम दिली. एका म्हाताऱ्याच्या ओंजळींतलें पाणी या हातांतून त्या हातांत, सांडूं न देतां, असें पुढें गेलें.

पाणी पुढें जातांना पात्राचा आकार घेतें. मोगूबाईंची कन्या किशोरी आमोणकर यांनीं आईच्या घराण्याची लयीला चिकटून चालण्याची शिस्त आत्मसात केली, आणि नंतर तिच्यावरच प्रश्न उभा केला. स्वराचा भाव पूर्ण व्हावयास मात्रेचा आग्रह आड येतो असें त्यांना वाटलें. त्यांनीं लय संथ केली, आलाप मोकळा केला. कित्येक जाणकार नाराज झाले आणि असंख्य श्रोते मुग्ध झाले. २०१७ सालीं किशोरीताई निवर्तल्या तरी तो वाद अजून मिटलेला नाहीं. एक पक्ष म्हणतो, सांधे सोडवावयाचे तर भिंती जवळ पाहिजेत; दुसरा म्हणतो, अंगण हवें असेल तर भिंती दूर साराव्या. दोन्ही पक्ष एका गोष्टीवर मात्र सहमत आहेत, कीं ज्याला भिंत कोठें आहे हेंच ठाऊक नाहीं, त्याला यांतील कांहींच साधणार नाहीं.

यंत्रानें या कलेपुढें आणखी एक चौकट मांडली. जुन्या ध्वनिमुद्रिकेच्या एका बाजूवर सुमारें साडेतीन मिनिटें मावत. ज्या गायकींत एकेक आवर्तन सावकाश भरावयाचें, तिला साडेतीन मिनिटें म्हणजे समुद्राला घागर. तरीहि केसरबाईंच्या मुद्रिका ऐका. घागरींतलें पाणी समुद्राचेंच आहे हें लगेच कळतें. त्यांनीं गाइलेली भैरवी १९७७ सालीं अमेरिकेनें अंतराळांत सोडलेल्या दोन व्हॉयेजर यानांवरील सुवर्णमुद्रिकेंत समाविष्ट केली गेली. यानें ऑगस्ट आणि सप्टेंबर महिन्यांत निघालीं, आणि त्याच सप्टेंबरांत केसरबाईंनीं देह ठेवला. पहिलें यान २०१२ सालीं आणि दुसरें २०१८ सालीं सूर्याच्या वाऱ्याचा प्रभाव जेथें संपतो ती सीमा ओलांडून गेलें. तेथें सकाळ नाहीं, संध्याकाळ नाहीं. भैरवी कोणत्या प्रहरीं गावी हा प्रश्नच उरत नाहीं. परंतु ती मुद्रिका कोणी कधीं वाजविलीच, तर तिच्यांतील सम मात्र आपल्या जागींच येईल.

इतकें सांगून एक गोष्ट राहते, आणि ती ऐकणाऱ्याच्या हातची आहे. शहरांतील घरें घड्याळावर चालतात. गाडीची वेळ, कचेरीची वेळ, शाळेची वेळ, आणि उरलेल्या फटींत गाणें. काळाचें घर आपल्याला कोंडतें अशी सर्वांची तक्रार असते. त्यावर घड्याळ फोडणें हा उपाय नव्हे, आणि त्याकडे पाठ फिरविणें तर मुळींच नव्हे. अल्लादियाखांना अमलेट्याच्या दरबारीं काळाचा धरबंध न राखतां गावें लागलें आणि त्यांत त्यांचा कंठ गेला; पुढें सोळा मात्रांच्या घट्ट कुंपणांत त्यांना जी मोकळीक मिळाली, ती त्या बेबंद दिवसांत मिळाली नव्हती.

म्हणून या घराण्याचें गाणें लागेल त्या रात्रीं घरांतल्या मुलांना जवळ बसवावें. प्रथम बोटांच्या पेरांवर सोळा मात्रा मोजावयास शिकवाव्या. सम आली कीं टाळी, खाली आली कीं हात उघडा. दोनचार आवर्तनें मुलें बिनचूक मोजतील. मग तान सुरू होईल, बोटें गोंधळतील, एखादें मूल मोजणें सोडून गायकाच्या मागें जाईल आणि दुसरें हट्टानें मोजीत राहील. दोघांनाहि तसेंच राहूं द्यावें. समेवर तीं दोघें एकाच वेळीं टाळी देतील.